पाणपोईचं दार

छत्रीबाईंची छत्री पावसाची नव्हती आणि उन्हाचीही नव्हती. ती उघडायची नसे, नुसती उंच धरायची असे. पिवळी, बंद, टोकाला लाल फीत बांधलेली. गर्दीत मागे पडलेल्या माणसाने मान वर केली की त्याला एकच वस्तू दिसावी, एवढ्यासाठी ती होती. बावीस वर्षांत अशा पाच छत्र्या झाल्या, पण बाईंनी रंग बदलू दिला नाही. कंपनीच्या नव्या साहेबांनी एकदा मोठ्या हौसेने झेंडा आणून दिला होता. बाईंनी तो बसच्या डिकीत ठेवला आणि तो अजून तिथेच आहे.

सहल एका दिवसाची. सकाळी आठला स्टँडवरून निघायचं, गावातलं जुनं विष्णुमंदिर पाहायचं, मग नदीपलीकडच्या टेकडीवरचा विहार, मग जेवण, जेवणानंतर मोठा स्तूप आणि साडेपाचला परत. या शहरात विष्णू आणि बुद्ध शेजाऱ्यांसारखे कसे नांदत आले, ते एका दिवसात माणसांच्या गळी उतरवायचं. बाईंना सगळं इतकं पाठ होतं की झोपेतून उठवून विचारलं तरी त्यांनी सांगितलं असतं. बस चालवणाऱ्या मामांच्या मते त्या झोपेतच सांगत, फक्त डोळे उघडे ठेवून.

त्या दिवशी बसमध्ये चौदा माणसं होती आणि चौथ्या रांगेत खिडकीशी मास्तरांची लेक बसली होती. तिला पाहिलं आणि बाईंनी माणसं पुन्हा मोजली. ती येणार हे दोन महिन्यांपासून ठरलेलं होतं, तरी मोजली.

लेक उठून पुढे आली. पन्नाशी ओलांडलेली, केस पांढरे, हातात कागदात गुंडाळलेलं काहीतरी. "पाया पडले तर तुम्ही चिडाल, म्हणून हे आणलंय," ती म्हणाली. आत पिवळ्या कापडाची खोळ होती, छत्रीच्या मापाची, दुहेरी शिवणीची, तळाला लाल गोट. "माप कुठून मिळालं?" बाईंनी विचारलं. "बावीस वर्षांपूर्वी त्या छत्रीच्या मागे अकरा दिवस फिरलेय मी. माप काय, मला तिच्या काड्यासुद्धा मोजता येतील."

बाईंनी खोळ चढवली. ती अशी चपखल बसली की मामांनीसुद्धा आरशातून पाहून मान डोलावली.

ती बावीस वर्षांपूर्वीची गोष्ट बाईंच्या नोकरीच्या तिसऱ्या दिवसाची. याच सहलीत एक टेलरमास्तर लेकीबरोबर आले होते. बासष्टीचे, धट्टेकट्टे, फक्त चष्म्याशिवाय दोन हातांपलीकडचं दिसत नसे. स्तूपाच्या अंगणात पोचल्यावर लक्षात आलं की चष्मा बसमध्ये राहिला. लेक तो आणायला गेली. बाईंनी मास्तरांना हाताला धरून आतल्या एका दाराशी उभं केलं, जागेवरून हलू नका म्हणून सांगितलं आणि त्या बाकीच्यांना बघायला गेल्या. परत आल्या तेव्हा मास्तर नव्हते. ते पुढे कधीच कोणाला दिसले नाहीत.

जगाला माहीत होतं ते एवढंच. खरं त्याहून थोडं जास्त होतं, आणि ते फक्त बाईंना माहीत होतं. स्तूपाला चार दारं आहेत, चारही एका साच्यातली. गाइड लोक त्यांना दिशांनी ओळखत नाहीत, बाहेर काय आहे त्यावरून ओळखतात. घंटेचं दार, पाणपोईचं दार, फुलवाल्यांचं दार आणि मागचं दार. आत गोल फिरताना मात्र बाहेरचं काही दिसत नाही, आणि नव्या गाइडची मोजणी हमखास चुकते. बाईंनी मास्तरांना पाणपोईच्या दाराशी उभं केलं होतं आणि परत आल्या त्या घंटेच्या दाराशी. तिथे त्या चाळीस मिनिटं हाका मारत राहिल्या. चूक कळून धावत पाणपोईशी गेल्या तोवर तिथे कोणी नव्हतं.

चौकीत विचारलं, कुठे उभं केलं होतंत? बाईंच्या तोंडून निघून गेलं, "घंटेच्या दाराशी." नोकरी तीन दिवसांची, घरी अंथरुणाला खिळलेला नवरा. एकदा बोललं ते बोललं. मग शोधाशोध झाली ती सगळी घंटेच्या बाजूच्या गल्ल्यांत. पाणपोईकडे कोणी फिरकलंच नाही.

लेकीने बाईंना कधी बोल लावला नाही. उलट बाईंनी तिला अकरा दिवस आपल्या घरी ठेवून घेतलं, तिच्याबरोबर पाय मोडेपर्यंत हिंडल्या, हेच ती धरून बसली. गावी परत जाऊन तिने बापाचं दुकान चालवायला घेतलं, लग्न केलं नाही, आणि दरवर्षी त्या तारखेला तिचा फोन यायचा. "बाई, तुम्ही होतात म्हणून मी त्यातून उठले." आणि फोन ठेवता ठेवता एक वाक्य ठरलेलं, "बाबा मुळात हट्टीच. सांगितलं तिथे उभे राहते तर आज असते." या वाक्यानंतर बाईंना दोन दिवस जेवण जात नसे.

या महिन्याच्या अखेरीला बाई निवृत्त होणार होत्या. लेक म्हणाली होती, तुम्ही आहात तोवर ती सहल मला पुन्हा एकदा करायचीय, त्याच तारखेला. बाईंनी त्याच क्षणी ठरवलं होतं की त्या दिवशी तिला खरं सांगायचं. बावीस वर्षं फुकट खाल्लेले आभार परत करायचे. मग ती थुंकली तरी चालेल.

विष्णुमंदिराशी चपला ठेवायला खण आहेत. तिथल्या माणसाने बिल्ले दिले ते पितळेचे. गार, जड, आकडे झिजलेले.

"प्लॅस्टिकचे संपले वाटतं?" बाई म्हणाल्या.

"कसले प्लॅस्टिकचे?" तो म्हणाला.

रोजचा म्हातारा नव्हता, त्याच्याच तोंडवळ्याचा कोणी तरुण होता. मुलगा असेल, बाप रजेवर गेला असेल आणि कपाटातले जुने बिल्ले काढून बसला असेल, असं म्हणून बाईंनी विषय सोडला. त्यांना आज दुसरंच ओझं होतं. गाभाऱ्यापुढच्या थंड फरशीवर उभं राहून त्यांनी शेषावर झोपलेल्या विष्णूची माहिती सांगितली, आणि सांगताना नजर सारखी लेकीकडे जात होती. ती हात जोडून उभी होती. तिच्या चेहऱ्यावर मागणं असं काही दिसत नव्हतं.

मंडळींत एक निवृत्त दंतवैद्य होते. त्यांना प्रत्येक मूर्तीच्या दातांबद्दल शंका होत्या. बाईंनी त्यांना तीन उत्तरं खरी दिली आणि चौथं ठोकून दिलं.

विहाराच्या अंगणात बाई रोजच्या जागी उभ्या राहिल्या. गाइडचं तोंड माणसांकडे आणि पाठ वास्तूकडे. मागे न बघता मागचं सांगता येणं हीच या धंद्यातली खरी कमाई. त्यांनी छत्री मागच्या बाजूला वळवली आणि म्हणाल्या, "माझ्या मागे जो मोकळा चौथरा आहे, तिथे एक फार जुना पिंपळ होता. त्याच्याखाली भिक्खू ध्यानाला बसायचे. नऊ वर्षांपूर्वीच्या वादळात तो मुळासकट पडला."

मंडळी बाईंकडे बघत नव्हती. सगळ्यांच्या माना वर होत्या.

"मग हा कोणता?" दंतवैद्यांनी विचारलं.

बाईंनी वळून पाहिलं. पिंपळ होता. चार माणसांच्या कवेत न मावणारा बुंधा, चौथऱ्याचे दगड उचलून धरणारी मुळं, आणि वारा नसताना सळसळणारी पानं. बाई पुढे गेल्या आणि त्यांनी सालीला हात लावला. एका ठिकाणी साल सोललेली होती, तिथे आतलं लाकूड ओलसर लागलं. त्या झाडाच्या पडल्या खोडावर बसून त्यांनी स्वतः डबा खाल्ला होता.

"नवा लावला असेल," त्या म्हणाल्या.

"नऊ वर्षांत एवढा?" दंतवैद्य म्हणाले आणि मंडळी हसली. बाईही हसल्या. अंगण झाडणाऱ्या भिक्खूंना त्यांनी हळूच विचारलं, हा पिंपळ कधीचा? भिक्खूंनी झाडाकडे पाहिलं, बाईंकडे पाहिलं आणि झाडणं चालू ठेवलं.

खाली मामा बसला टेकून उभे होते. बाईंनी त्यांना बाजूला घेतलं. "मामा, वरचा पिंपळ पडला होता ना?"

मामांनी टायरला पाय लावून पाहिला, आणि मामा विनाकारण टायर बघतात म्हणजे काहीतरी बिनसलेलं असतं. मग म्हणाले, "येताना आपण जुन्या पुलावरून आलो."

"जुना पूल पाडला की."

"ते मलाही आठवलं. पण पूल ओलांडून झाल्यावर आठवलं."

"आता परत वळवू का गाडी?" मामांनी विचारलं. बाईंनी खिडकीतून चौथ्या रांगेकडे पाहिलं. लेक शांत बसली होती. "नको," बाई म्हणाल्या. "जेवायला चला."

जेवणाची खोली नेहमीचीच होती, पहिल्या मजल्यावरची, लांबट, खिडक्यांना जाळ्या. भिंतीवर कॅलेंडर होतं. बाईंनी मुद्दामच त्याच्याकडे पाहिलं नाही. मंडळी एका टेबलावर बसली आणि बाई लेकीला घेऊन शेवटच्या टेबलाशी गेल्या. त्यांनी मनातल्या मनात चार वेळा सुरुवात जुळवली होती, त्यातली एकही तोंडात आली नाही.

"ताई, तुमचे बाबा हट्टी नव्हते," त्या म्हणाल्या. "मी सांगितलं तिथेच ते उभे होते. मीच चुकीच्या दाराशी गेले. आणि चौकीत खोटं बोलले."

मग बाकीचं सगळं सांगितलं. घंटा, पाणपोई, चाळीस मिनिटं, उलट्या बाजूची शोधाशोध. आवाज खाली ठेवून, एक शब्द न गाळता. सांगून झाल्यावर त्यांनी हात मांडीवर ठेवले आणि जे येईल त्याची वाट बघत बसल्या.

लेकीने ताट बाजूला सरकवलं. "म्हणजे ते उभे होते," ती म्हणाली.

"हो."

"बावीस वर्षं मी त्यांच्यावर रागावलेय, बाई. दुकानात त्यांचा फोटो आहे, त्याच्याशी रोज भांडते. ऐकलं असतंत तर, ऐकलं असतंत तर." तिचे डोळे भरले, पण चेहरा निवळत होता. "आणि ते शहाण्यासारखे उभे होते."

"मला काय बोलायचं ते बोला."

"तुम्हाला काय बोलू? तुम्ही सांगितलं नसतंत तर मी तशीच भांडत मेले असते." तिने बाईंचा हात धरला. हाताला सुईचे घट्टे होते. "उपकार झाले. खरंच सांगते. आता एवढं करा, मला त्या दाराशी घेऊन चला. खऱ्या."

बाईंना रडू आलं. बावीस वर्षांत पहिल्यांदा त्यांना स्वतःच्या हक्काचे आभार मिळाले होते. त्यांनी पदराने डोळे पुसले आणि दोन घास पोटभर जेवल्यासारखे गोड लागले.

स्तूपाशी बस थांबली ती कच्च्या मैदानावर. तिथला पक्का वाहनतळ नव्हता, तिकिटाचं यंत्र नव्हतं, भेटवस्तूंची दुकानं नव्हती. मंडळींना त्यात काही वावगं वाटलं नाही, ती पहिल्यांदाच येत होती. मामा स्टीअरिंगवर हात ठेवून समोर बघत राहिले. "मी खाली उतरत नाही," एवढंच म्हणाले.

पांढरा घुमट उन्हात तापलेला होता. आतल्या वाटेवर मात्र सावली होती, तेलाचा आणि जुन्या चुन्याचा वास होता, आणि पायाखालची फरशी थंड होती. सगळे उजवीकडून गोल फिरत होते. बाईंनी मंडळींना दिव्यांच्या ओट्यापाशी सोडलं, अर्ध्या तासाने इथेच भेटू म्हणाल्या आणि लेकीला घेऊन निघाल्या. या वेळी त्यांनी दारं बोटांवर मोजली.

घड्याळात सव्वातीन झाले होते.

दाराबाहेर थेंब पडत असल्याचा आवाज येत होता. बाईंनी डोकावून पाहिलं. पाणपोई बंद होऊन अकरा वर्षं झाली होती, तिच्या जागी स्टीलचा नळ आला होता. आता तिथे ओल्या फडक्यांत गुंडाळलेले चार माठ होते.

आणि दाराच्या चौकटीला एक तळवा टेकून मास्तर उभे होते.

तोच फिकट सदरा. खिशाला खोचलेली सुई, तिच्यात ओवलेला पांढरा दोरा. अंगावर धूळ नाही, चेहऱ्यावर थकवा नाही. त्यांनी डोळे बारीक केले, पिवळ्या रंगाकडे पाहिलं आणि हसले.

"आलात का बाई. मला वाटलं, नवीन पोरगी आहे, दार चुकते की काय."

बाईंनी छत्री खाली घेतली. "चुकलेच होते, मास्तर."

"आलात ना. झालं तर मग."

लेक पुढे झाली. तिने नुसता त्यांचा हात धरला. मास्तरांनी तो चाचपला, मग बोटं सवयीने तिच्या बाहीच्या काठावर गेली आणि शिवणीवरून फिरली.

"हात तर तुझाच आहे," ते म्हणाले. "ही शिवण कोणाची?"

"माझीच, बाबा."

"तुला कुठे येतंय शिवायला." बोटं पुन्हा एकदा शिवणीवरून गेली. "बरी आहे. चांगली आहे. चष्मा आणलास?"

"आणलाय."

तिने पर्स उघडली. चष्म्याचं ते घर बाईंनी ओळखलं. लेकीने ते लगेच दिलं नाही, हातात धरून ठेवलं. ती बाईंकडे वळली आणि तिने नमस्कारासारखी मान खाली झुकवली. "तुम्ही इथे थांबा," ती म्हणाली. "आम्ही फेरी घालून येतो."

बापाला दंडाला धरून ती निघाली. बाई छत्री उंच धरून पाणपोईच्या दाराशी उभ्या राहिल्या. कोणाचे आभार मानावेत ते त्यांना कळत नव्हतं, म्हणून त्या घुमटाकडे बघून हात जोडायला गेल्या आणि छत्रीमुळे एकच हात कपाळाला लावता आला.

सहा मिनिटांनी दोघं पहिली फेरी पूर्ण करून आली. लेक काहीतरी सांगत होती, मास्तर माना डोलावत होते. तिचे केस करडे दिसले. सावलीमुळे असेल, बाईंना वाटलं.

दुसऱ्या फेरीला मास्तरांच्या डोळ्यांवर चष्मा होता. ते लेकीकडे बघत चालले होते. तिचे केस काळे होते, पाठीवर वेणी होती. तिने बाईंकडे पाहिलं आणि ओळखीचं हसली.

बाईंनी छत्री आणखी उंच धरली.

तिसऱ्या फेरीला मास्तर एकटे आले.

ते थांबले नाहीत. बाईंच्या अगदी जवळून गेले, सदऱ्याला साबणाचा वास येत होता. चष्म्यातून इकडे तिकडे बघत, मान उंचावून, ते मैदानाकडच्या वाटेने बाहेर पडले.

बाईंनी मागे पाहिलं. वाटेवर माणसं होती, सगळी अनोळखी.

थेंबांचा आवाज थांबला होता.

दाराबाहेर स्टीलचा नळ होता. कोणीतरी बाटली भरत होतं आणि दुकानांतून गाणी ऐकू येत होती. बाईंनी चारही दारं दोनदा पालथी घातली. मग दिव्यांच्या ओट्याशी गेल्या, मंडळींना गोळा केलं आणि बसपाशी आल्या. बस फरसबंद वाहनतळावर दोन पांढऱ्या रेघांच्या मध्ये उभी होती.

"तेरा. बसले सगळे," मामा म्हणाले.

"चौदा होते, मामा."

"सकाळपासून तेराच आहेत, बाई. चौथ्या रांगेतली खिडकी रिकामीच आली, दंतवैद्यांनी पिशवी ठेवलीय तिथे." मामांच्या बोलण्यात खोट नव्हती. बाईंनी जुन्या पुलाचं विचारलं. मामा म्हणाले, कुठला जुना पूल, आणि त्यांनी बस सुरू केली. बाईंनी छत्री मांडीवर घेतली. तिच्यावर खोळ नव्हती.

घरी पोचायला बाईंना साडेसहा झाले. स्वयंपाकघरातल्या खिडकीतून अजून उजेड येत होता. त्यांनी चहा टाकला, तो उकळून आटला तरी त्या स्टुलावरच बसून होत्या. मास्तरांच्या दुकानाचा नंबर त्यांना पाठ होता. निदान आवाज तरी ऐकू, म्हणून त्यांनी तो फिरवला. मनातून वाटत होतं, ती उचलेल, तीस वर्षांची किंवा पन्नासची, कशीही, आणि म्हणेल, बाई, आम्ही दोघं सुखरूप पोचलो.

"हॅलो," पलीकडून एक म्हातारा माणूस म्हणाला. तोंडात टाचणी धरून बोलावं तसा आवाज. मागे शिलाईचं मशीन थांबल्याचं ऐकू आलं.

"मास्तर?"

"बाई का? यंदा तुम्ही आधी केलात. मी करणारच होतो, पण नंबर लावायला चष्मा सापडेना." ते हसले. चौऱ्याऐंशीचं हसू, धापेचं. "बऱ्या आहात ना?"

बाईंच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी आलं. मास्तर घरी होते. बावीस वर्षं आपल्या घरी, आपल्या मशीनवर. त्यांनी फोन दोन्ही हातांनी धरला आणि देवाचे, बुद्धाचे, ज्याचे असतील त्याचे आभार मानले.

"दरवर्षी म्हणतो तेच म्हणतो, बाई," मास्तर पुढे बोलत होते. "तुमचे फार उपकार आहेत. पोरगी गेली तेव्हा तुम्ही अकरा दिवस माझ्याबरोबर हिंडलात. मला घरात ठेवून घेतलंत. परकं माणूस एवढं करत नाही."

बाईंनी फोन दुसऱ्या कानाला लावला.

"तिचा काही पत्ता लागला का, ते आता विचारत नाही. मुळात हट्टीच ती. चष्मा माझ्या हातात दिला, तुम्ही पुढे व्हा म्हणाली. तुम्ही तिला घंटेच्या दाराशी थांबायला सांगितलं होतंत. सांगितलं तिथे उभी राहती तर आज असती."

स्वयंपाकघरात आटलेल्या चहाचा करपट वास सुटला होता. बाईंनी उठून गॅस बंद केला आणि पुन्हा स्टुलावर बसल्या. दुपारी हेच सांगताना जीभ जड झाली होती. आता झाली नाही.

"ती उभी होती, मास्तर. घंटेच्या दाराशी नाही, पाणपोईच्या. मी तिला तिथेच ठेवलं आणि दुसऱ्याच दाराशी शोधत बसले. चौकीत मी खोटं सांगितलं. तिची चूक नव्हती."

पलीकडे खुर्ची मागे सरकली.

"म्हणजे ती तिथे आहे," मास्तर म्हणाले. त्यांनी विचारलं नव्हतं, नुसतं म्हटलं होतं. "बरं झालं सांगितलंत. फार बरं झालं."

"मास्तर, बावीस वर्षं झाली. तिला तिथे..."

"नाही हो. मीही होतो ना तिथे उभा. गार जागा आहे, पाणी पडत असतं. फार वेळ वाटत नाही." ते हे अगदी सहज बोलले. मग कुठलासा खण उघडल्याचा आवाज आला. "उद्या बस आहे तुमची?"

"आहे. सकाळी आठला."

"आता निघालो तर पोचतो मी. खिडकीची एक जागा लिहून ठेवा."

बाईंनी फोनशेजारची वही ओढली. "दोन लिहिते, मास्तर," त्या म्हणाल्या. "येताना दोघं असाल."

"एकच लिहा," मास्तर म्हणाले. त्यांच्या आवाजात नुसतं समाधान होतं. "जाताना मी बसेन, येताना त्याच जागेवर ती बसेल."

बाईंनी पेन उचललं आणि चौथ्या रांगेत एक खूण केली.